धाकटीच्या हाती दिलेली घडी

मी, खाली सही करणारी, वय वर्षे चौऱ्याहत्तर, धंदा लाँड्री, या कागदावर स्वतःच्या हाताने लिहून ठेवते की माझी बुद्धी शाबूत आहे, माझे अक्षर वाचण्याजोगे आहे आणि हे लिहिताना माझ्या मागे कोणी उभे नाही. इस्त्रीवाली खाली कामात आहे आणि तिला मी हाक मारेपर्यंत वर येऊ नकोस असे बजावले आहे. माझ्या रक्तात जे बिघडले आहे ते डॉक्टरांनी मला चित्र काढून समजावले. त्या बिघाडाचा डोक्याशी काही संबंध नाही असे त्यांनी लेखी दिले आहे आणि तो कागद सोबत टाचला आहे. पुढचा मजकूर वाचताना कोणाला शंका आलीच तर त्याने तो कागद पुन्हा एकदा वाचावा.

बत्तीस वर्षांपूर्वी मी एक मृत्युपत्र केले होते. त्यात "माझ्या धाकट्या बहिणीस माझ्या मिळकतीतील सुई-दोराही मिळू नये" असे वाक्य आहे. ते मृत्युपत्र मी या लेखाने रद्द करते. ते वाक्य लिहिताना मला फार बरे वाटले होते, हेही नोंदवून ठेवते.

कलम १. या मृत्युपत्राची अंमलबजावणी निवृत्त मेट्रनबाईंनी करावी. चाळीस वर्षे त्यांच्या दवाखान्याच्या चादरी माझ्याकडे धुवायला आल्या आणि एकही चादर हरवल्याची तक्रार त्यांनी खोटी केली नाही. खरी केली, दोनदा. दोन्ही वेळा चूक माझी होती.

कलम २. माझे पती दोनदा वारले. पहिल्यांदा कागदोपत्री, दुसऱ्यांदा खरोखरचे. ते बेपत्ता झाल्यानंतर सात वर्षांनी त्यांच्या चुलतभावाने अर्ज करून त्यांना मयत ठरवून घेतले. मात्र बेपत्ता झाल्यापासून एकोणीस वर्षांनी ते परत आले आणि पुढे सोळा वर्षे माझ्याबरोबर राहिले. या सोळा वर्षांत सरकारी दृष्टीने ते अस्तित्वात नव्हते. त्यांच्या नावाने काहीही घेतलेले नाही, म्हणून त्यांच्या बाजूने कोणाचा काही हक्क निघत नाही. समोरच्या दातांच्या डॉक्टरांनी त्यांच्या तीन दाढा भरल्या आणि वहीत "लाँड्रीतले काका" एवढेच लिहिले. त्याबद्दल डॉक्टरांचे आभार.

सहा वर्षांपूर्वी ते खरोखर गेले तेव्हा मी नोंद करायला गेले. कारकुनाने वही चाळली आणि म्हणाला, "यांची नोंद आधीच झालीय. पुन्हा कशाला?"

मी म्हणाले, "आधीची चुकीची होती."

"मग आधी ती दुरुस्त करून घ्या. अर्ज द्यावा लागेल. त्यासाठी ते स्वतः हजर पाहिजेत."

मी त्याच्याकडे पाहिले, त्याने माझ्याकडे पाहिले. तो अजिबात चेष्टा करत नव्हता. मी घरी आले आणि त्या दिवशी पहिल्यांदा हसले. ते असते तर त्यांना हे सांगायला पळत आले असते.

कलम ३. तळमजल्यावरचे दुकान, दोन्ही धुण्याची यंत्रे, पिळायचे यंत्र, मागच्या आवारातल्या तारा आणि खळबळायचा हौद ही सर्व मिळकत मी इस्त्रीवालीला देते. ती माझ्याकडे बावीस वर्षे आहे. मोठे यंत्र तिसऱ्या पिळाला जागचे सरकते, तेव्हा त्याला कंबर लावून उभे राहायचे, हे तिला माहीत आहे. नव्या गिऱ्हाइकांशी ती तोडून बोलते. ते तिने कमी करावे अशी माझी इच्छा आहे, पण ही अट नाही, कारण ती हे माझ्याकडूनच शिकली.

हौद बुजवू नये. ही मात्र अट आहे.

कलम ४. माझ्या चुलतदिरांना मी काहीही देत नाही. त्यांनी माझ्या पतींना मयत ठरवून घेतले ते वडिलोपार्जित घराच्या वाटणीसाठी, आणि त्याच आठवड्यात माझ्याकडे येऊन डोळे पुसले. पुढे माझे पती परत आल्यावर हेच दीर त्यांना रस्त्यात समोरासमोर भेटले, तेव्हा "आपण कोण?" असे विचारून पुढे गेले. त्यांना हे कलम मोठ्याने वाचून दाखवावे.

कलम ५. आता माझ्याकडची विद्या. ही कोणत्याही कार्यालयात नोंदवलेली नाही, म्हणून तपशीलवार लिहिते.

जग एकपदरी नाही. चादरीच्या घडीसारखे त्याला एकावर एक पदर आहेत, आणि एका पदरातून दुसऱ्यात जाता येते. हे मला माझ्या मावशीने मी अकरा वर्षांची असताना दाखवले. आई-वडिलांच्या पश्चात मी आणि धाकटी मावशीकडे वाढलो, याच लाँड्रीत. मावशीला ही रीत तिच्या सासूकडून मिळाली. या रीतीचे नाव नुसते "घडी".

चादर सुती, दुहेरी पन्ह्याची, निदान शंभर वेळा धुतलेली लागते. खळ अजिबात नको. इस्त्रीला घेतो तितकी दमट असावी: गालाला लावली तर गार लागावी, पिळली तर थेंब पडू नये. दोघांनी समोरासमोर उभे राहून चार टोके धरायची. दोन घड्या लांबीत घालायच्या. मग एकाने चालत येऊन आपल्या हातातली टोके दुसऱ्याच्या हातात द्यायची. हे कोणीही घरी करतो तसेच आहे, फक्त टोके देताना थांबायचे नाही. समोरच्याच्या बोटांना बोटे लागली की डोळे उघडे ठेवून तसेच पुढे चालायचे. आता धडक बसणार असे वाटते. बसत नाही. तारेवरच्या ओल्या कपड्यांमधून जाताना लागते तशी गार ओल तोंडाला लागते, आणि आपण पलीकडच्या पदरात उभे असतो.

पलीकडे सगळे जवळपास इथल्यासारखेच असते. रस्त्याचा उतार तोच, पाण्याची टाकी त्याच जागी, पण जिथे आपले दुकान आहे तिथे कदाचित लाकडाची वखार असते. माणसेही असतात. काही इथली तिथे नसतात, काही इथे नसलेली तिथे असतात.

मागे राहणाऱ्याने घडी दोन्ही हातांनी छातीशी धरून उभे राहायचे. जाणारा पलीकडे असताना घडी उलगडली, खाली पडली किंवा वाळली, की वाट बंद. शिवाय ती चादर त्यानंतर कायमची मुकी होते: दमट केली तरी गालाला गार लागत नाही, पुन्हा कुठेच नेत नाही. साध्या हवेत चादर तास-दीड तास दमट राहते. पलीकडून त्या जागी घडी आणि धरणाऱ्याचे हात हवेत अंधुक दिसत राहतात, तेवढ्या वेळात त्यातूनच परत यायचे. धरणाऱ्याला नाक खाजवायची सोय नाही. मावशी आम्हाला म्हणायची, "जाणारा काय, नुसता चालतो. विद्या धरणाऱ्याची आहे."

एक चादर एकाच पदरात नेते. एकाच ताग्यातून लागोपाठ फाडलेल्या दोन चादरी एकाच ठिकाणी नेतात, त्यांना आम्ही जोडचादरी म्हणतो. माझ्या लग्नात मावशीने मला अशी एक जोडी दिली. तिच्याकडचा तो शेवटचा तागा होता.

ही विद्या ज्याला शिकायची असेल त्याला शिकवावी, पण आधी विचारावे की तुझी घडी धरायला कोण आहे. उत्तर द्यायला वेळ लागला तर शिकवू नये.

कलम ६. या कलमात मी कोणाला काही देत नाही. माझ्यानंतर लोक तीच जुनी हकीकत सांगत राहतील आणि ती खोटी आहे, म्हणून हे लिहिते.

माझे पती दवाखान्यात बॉयलर चालवायचे. लग्नानंतर काही वर्षांनी, एका सुट्टीच्या दुपारी, त्यांना गंमत दाखवावी म्हणून मी जोडीतली पहिली चादर काढली. मी घडी धरली आणि ते गेले. अर्ध्या तासाने परत आले ते पांढरेफटक. आवारातल्या दगडावर बसले आणि म्हणाले, "तिथे टाकीमागच्या गल्लीत आई बसलीय. गहू निवडत."

त्यांची आई ते नऊ वर्षांचे असताना वारली होती. पलीकडच्या पदरात उलटे झाले होते. तिथे मुलगा नवव्या वर्षी घटसर्पाने गेला होता आणि आई उरली होती. एकटी. डोळ्यांत मोतीबिंदू.

पुढे ते दर आठवड्याला जायला लागले. नळ दुरुस्त करणारा म्हणून तिच्या घरात शिरायचे. एक नळ किती वेळा दुरुस्त करणार? मग बिजागऱ्या, मग चूल, मग कौले. प्रत्येक वेळी घडी मीच धरायची. आधी कौतुकाने, मग कर्तव्य म्हणून, मग दात-ओठ खात. ते परत आले की जेवताना फक्त तिच्याबद्दल बोलायचे. एकदा ते आले आणि म्हणाले की ती पडलीय, खुब्याचे हाड मोडलेय, बघणारे कोणी नाही, मला तिथे राहावे लागेल.

मी म्हणाले, "ती तुमची आई नाही. तुमची आई कधीच गेली."

"तिचा मुलगाही गेला. म्हणजे मीच गेलो ना? ती मला नळवाला म्हणते आणि माझ्यासाठी बाजूला चहा काढून ठेवते."

"आणि माझ्यासाठी कोण आहे?"

"तुला लाँड्री आहे, बहीण आहे, दोन्ही डोळ्यांनी दिसतं. वर्षभराचा प्रश्न आहे."

"मी धरणार नाही," मी म्हणाले. "आजपासून नाही. बघू कसे जाता."

त्यानंतर दोन दिवस आम्ही बोललो नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी मी दवाखान्यात गाठोडी आणायला गेले. परत आले तेव्हा धाकटी आवारात उभी होती. हातात चादर, पूर्ण वाळलेली, कडक. ती म्हणाली, "ताई, सुटली गं माझ्या हातातून."

मी तिला काय काय बोलले ते इथे लिहीत नाही. मेट्रनबाईंच्या कानापर्यंत गेले होते म्हणजे बघा. जोडीतली दुसरी चादर शोधली, ती कपाटात नव्हती. मला वाटले तीही हिनेच फाडली असेल. त्या दिवसापासून मी तिला घरात घेतले नाही. मी तेहेतीस वर्षांची होते, ती एकोणतीस.

एखादी चुकून त्याच पदरात नेईल या आशेने दुसऱ्या चादरींनी शोध घ्यायचा प्रयत्न मी केला. पण घडी धरायला माणूस लागतो. मावशी वारली होती. पैसे देऊन एक बाई आणली, ती दहा मिनिटांत घाबरून चादर खाली ठेवायला निघाली. मी पलीकडून तिच्या हाताची थरथर पाहिली आणि उडी मारून परत आले. तेव्हा मला कळले की माझ्या ओळखीत अशी एकच व्यक्ती आहे जी तास-दीड तास न हलता उभी राहील, आणि तिच्याशी मी बोलत नव्हते.

अशी एकोणीस वर्षे गेली. मग एका सकाळी दवाखान्याच्या धुण्याच्या गाठोड्यात एक चादर निघाली. स्वच्छ, घडी केलेली, कोपऱ्यात मावशीच्या हाताचा निळ्या दोऱ्याचा टाका. आत चिठ्ठी होती. अक्षर धाकटीचे.

"ताई, ही जोडचादर. तिथेच नेते. उद्या माझं पित्ताशयाचं ऑपरेशन आहे, काही झालं तर ही माझ्याबरोबर जायला नको. चादर सुटली नव्हती. त्यांनीच मला सांगितलं होतं, वाळू दे म्हणून. म्हणाले, तुझी ताई आता धरणार नाही, आणि मी माझ्या मर्जीने राहिलो असं कळलं तर मोडून पडेल. सुटली असं सांग. ही दुसरी चादर तुझ्याकडे ठेव, दोन वर्षांनी तिला दे आणि खरं सांग."

मी दुकान उघडे टाकून दवाखान्यात गेले. तिची खाट खिडकीशी होती. मी उभ्या उभ्याच विचारले, "आधी का नाही दिलीस?"

"तीनदा आले होते ताई, पिशवी घेऊन. पहिल्यांदा तू तोंडावर दार लावलंस. दुसऱ्यांदा बाई घरात नाहीत, असं आतून तूच ओरडून सांगितलंस. तिसऱ्यांदा मी पायरीवर बसून राहिले, तर वरून घाण पाणी ओतलंस."

"साबणाचं होतं," मी म्हणाले.

"बरं, साबणाचं."

 शेजारच्या खाटेवरच्या बाईने कूस बदलून तोंड आमच्याकडे केले, नीट ऐकू यावे म्हणून. मी विचारले, "धरशील?"

ती म्हणाली, "टाके निघू देत."

ऑपरेशन नीट पार पडले. तीन महिन्यांनी, थंडीत, सकाळी नऊ वाजता, आम्ही मागच्या आवारात समोरासमोर उभ्या राहिलो. चादर जुनी, विरलेली होती. अशी चादर लवकर वाळते. वारा होता, वर ऊन. फार तर पाऊण तास, असे मी म्हणाले. धाकटीने चपला काढल्या, चादरीची टोके तशीच धरून ती खळबळायच्या हौदात उतरली आणि कमरेइतक्या पाण्यात उभी राहिली. म्हणाली, "घडीची खालची कड पाण्याला टेकवून ठेवते. कापड आपोआप पाणी ओढत राहील. जा तू."

माझ्या मावशीला, तिच्या सासूला, कोणालाही हे कधी सुचले नव्हते. मी चपला काढल्या, हौदात उतरले, तिच्या हातात टोके दिली आणि पुढे चालत गेले.

टाकीमागच्या गल्लीत ते घर होते, पण त्यात आता दुसरेच लोक राहत होते. त्यांनी सांगितले, नळवाले होय, बाजारापाशी बघा. तिथे पोचायला तासभर गेला. एका छोट्या गाळ्यात, पंप उघडून, चष्मा नाकावर घेऊन ते बसले होते. डोक्यावरचे केस गेले होते. त्यांनी वर पाहिले, हातातला पाना नीट पुसून जागेवर ठेवला आणि म्हणाले, "दोन वर्षं म्हणालो होतो."

"तिने आणली होती. मीच दार उघडलं नाही."

"किती वेळा आणली?"

"तीनदा."

त्यांनी मान हलवली. रागावतील असे वाटले होते. ते म्हणाले, "आई पाचव्या वर्षी गेली. तेव्हापासून रोज दुपारी, आपल्या लाँड्रीच्या जागी इथे वखार आहे ना, तिथे जाऊन उभा राहतो. वखारवाला म्हणतो, हा माणूस लाकूड घेत नाही, नुसता हवेत बघतो. आज नेमका पंप आला दुरुस्तीला, म्हणून जाता आलं नाही."

रस्त्याने परत येताना मी विचारले, "तिने ओळखलं होतं तुम्हाला?"

"विचारलं कधीच नाही. पण पहिल्या दिवशी चहा देताना तिने माझ्या कानामागे हात घालून चाचपून पाहिलं. तिथे जन्मखूण आहे ना. मग हात काढून घेतला आणि म्हणाली, नळवाले, साखर पुरे का? पाच वर्षं नळवालेच म्हणाली. शेवटच्या आठवड्यात मात्र लहानपणच्या नावाने हाक मारायला लागली, आणि मी ओ देत होतो."

मी त्यांचा हात धरला. तो मी आधीच धरायला हवा होता, एकोणीस वर्षे आधी, आणि म्हणायला हवे होते की जा, मी धरते, हवे तितके दिवस जाऊन-येऊन करू. ती बाई त्यांची आई होती. हे मी इथे स्पष्ट शब्दांत कबूल करते.

आम्ही परत आलो तेव्हा साडेबारा वाजले होते. धाकटी साडेतीन तास त्या गार पाण्यात उभी होती. ओठ निळे पडले होते, हात कोपरापासून थरथरत होते आणि घडी छातीशी होती तशीच होती. त्यांनी तिला उचलून बाहेर काढले. तेव्हा तिच्याशी मी काय बोलले? मी म्हणाले, "पाय पूस, लादी ओली होतेय."

ती हसली आणि तिने पाय पुसले. त्या दिवसापासून तिचे गुडघे गेले ते गेलेच. आज ती सत्तर वर्षांची आहे आणि कठडा धरल्याशिवाय तिला एक पायरी उतरता येत नाही. त्यानंतरच्या बावीस वर्षांत आमचे येणे-जाणे झाले, औषधे, बाजार, एकमेकींच्या चुका काढणे, सगळे झाले. त्या एकोणीस वर्षांबद्दल मी एक अक्षर बोलले नाही. तिनेही विचारले नाही.

कलम ७. वरच्या मजल्यावरच्या दोन्ही खोल्या, त्यातले सर्व सामान आणि बँकेत जे काही असेल ते सर्व मी माझ्या धाकट्या बहिणीला देते. तसेच ती जोडचादर. अजून चालू आहे, मी गेल्या महिन्यातच दमट करून गालाला लावून पाहिली. तिचे काय करायचे ते धाकटीने ठरवावे. वापरावी, द्यावी, नाहीतर अंथरावी. मला कोणतीही सूचना करायची नाही. आयुष्यभर मी तिला सूचना केल्या.

तसेच, मी तिला खोटारडी म्हणाले, चादर मुद्दाम सोडलीस म्हणाले, आपल्या मावशीने तुला उगाच सांभाळले असेही म्हणाले. ही तिन्ही विधाने मी मागे घेते. तिने माझ्यासाठी माझ्या नवऱ्याचा शब्द पाळला आणि त्याची शिक्षा माझ्या हातून भोगली. मी तिची बिनशर्त माफी मागते. हे तोंडाने सांगायचे मी अनेकदा ठरवले, आणि दरवेळी तिला चहा हवा का एवढेच विचारून परत फिरले. कागदावर सोपे जाते.

कलम ८. शिवणाचा डबा मेट्रनबाईंना. त्यांना शिवता येत नाही, पण डबा आवडतो.

पुरवणी. वरचे लिहून झाल्यावर वकिलांनी सांगितले की मृत्युपत्रातला मजकूर ज्याला मिळकत द्यायची त्याला आधी सांगायची गरज नसते. मी पाच दिवस तो कागद उशाखाली ठेवला. सहाव्या दिवशी रिक्षा करून धाकटीकडे गेले आणि कलम सहा आणि सात तिला वाचून दाखवले. ती मटार सोलत होती. वाचून होईपर्यंत सोलत राहिली.

मग म्हणाली, "यात एक चूक आहे."

"कोणती?"

"तिसऱ्यांदा तू पाणी ओतलंस ना, तेव्हा मला बरं वाटलं. म्हटलं, सुटले. आता राग धरायची पाळी माझी. त्यानंतर चौदा वर्षं ती चादर माझ्या ट्रंकेत होती, ताई. टपालाने पाठवता आली असती. मेट्रनबाईंकडे तेव्हाही देता आली असती. मी दिली नाही. तू येशील, हात जोडशील, मग देईन, असं ठरवून बसले होते. तुझा नवरा तिकडे वखारीत उभा होता आणि मी इकडे तुझी वाट बघत होते. हे कोण लिहिणार?"

मी म्हणाले, "मी लिहीन."

"लिही. नाहीतर लोकांना वाटेल मी फार चांगली होते."

म्हणून लिहिले आहे. हे ऐकून मला तिचा राग आला का? आला. साधारण एक वाटी मटार सोलून होईपर्यंत होता. ते दोघींच्या हट्टापायी चौदा वर्षे तिकडे अडकले. त्यांच्याकडे माफी मागायला आता दोघींपैकी कोणालाच जाता येत नाही. मग मी दुसरी वाटी ओढून घेतली आणि तिच्याबरोबर सोलायला बसले.

थोड्या वेळाने ती म्हणाली, "ते बिनशर्त का लिहिलंस?"

"असंच लिहितात."

"काढ ते. माझी अट आहे. माफ करते, पण तू आता वर एकटी राहायचं नाहीस. दोन जिने चढताना तुझा श्वास रस्त्यावर ऐकू येतो असं ती इस्त्रीवाली सांगत होती. पुढची खोली रिकामी करते. तिथे राहायचं."

"किती दिवस?"

"ते तुझ्या डॉक्टरांना विचार. मला काय विचारतेस?" असे म्हणून ती उठली, कठडा धरून आतल्या पायरीवरून उतरली आणि पुढच्या खोलीतली खोकी ओढायला लागली. मी मदतीला उठले तर म्हणाली, "तू बस. सांगितलं ना, बस."

कलम सातमधला "बिनशर्त" हा शब्द मी माझ्या हाताने खोडला आहे आणि खोडलेल्या जागी सही केली आहे. बाकी मजकूर कायम. हा लेख मी पूर्ण शुद्धीत, राजीखुशीने, कोणाच्याही दडपणाशिवाय केला आहे. बहिणीच्या अटीला दडपण म्हणायचे की नाही याबद्दल वकिलांचे आणि माझे एकमत झाले नाही.

सही : लाँड्रीवाली (निळ्या शाईत, स्वहस्ते)

साक्षीदार पहिले : समोरचे दातांचे डॉक्टर. "बाईंनी माझ्यासमोर सही केली. मजकूर मी वाचलेला नाही, पण कलम दोनमधल्या दाढा मी भरल्या आहेत, हे खरे."

साक्षीदार दुसरे : शेजारचे निवृत्त सर्वेक्षक. "दोघी बहिणी सही होईपर्यंत भांडत होत्या. बाई पूर्ण शुद्धीत आहेत याबद्दल मला शंका नाही."

स्थळ : धाकटीचे घर, पुढची खोली.

दिनांक : नऊ नोव्हेंबर, सोमवार, सकाळी सव्वाअकरा.